डावी बाजू

“आज हेमा हात लावेल,” सोलकर सर म्हणाले आणि सदरा काढून त्यांनी खुंटीला अडकवला. “अनंता, तू बाजूला उभा राहा.”

अनंत कीर हा सरांचा सगळ्यात जुना विद्यार्थी. एसटीच्या वर्कशॉपात मेकॅनिक होता, पंजे माझ्या दुप्पट. सरांना हात लावायचं काम पाच वर्षं त्याच्याकडेच होतं. त्यानं एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा सरांकडे.

“सर, पाहुणे नऊ दिवसांवर आलेत. आता कशाला बदल?”

“बाजूला उभा राहा म्हटलं ना.”

ही १९९६ च्या फेब्रुवारीतली गोष्ट. रत्नागिरीत मिरकरवाड्याच्या जेटीमागे मच्छीमारांची जाळी ठेवायची एक जुनी वखार होती. तिचा अर्धा भाग सरांनी मागून घेतला होता आणि तिथे आमचा कराटेचा वर्ग भरायचा. भिंतीला सुक्या मासळीचा वास कायमचा बसलेला. मी तेव्हा बावीस वर्षांची होते. दिवसभर एका टायपिंग इन्स्टिट्यूटमध्ये पोरींना ‘एएसडीएफ’ शिकवायचे आणि संध्याकाळी वखारीत जायचे.

इस्माईल सोलकर हे मूळचे जहाजावरचे फिटर, आता जेटीवर ट्रॉलरची इंजिनं दुरुस्त करायचे. १९७० साली त्यांचं मालवाहू जहाज इंजिन बिघडल्यामुळे ओकिनावा बेटावर, नाहाच्या बंदरात अकरा महिने अडकून पडलं. बंदराजवळ दोरखंड आणि जहाजाचं सामान विकणारे योनामिने म्हणून एक गृहस्थ होते. दुकानाच्या मागच्या अंगणात ते चार-सहा लोकांना कराटे शिकवायचे. त्यांच्या आजोबांकडून वडिलांकडे आणि वडिलांकडून त्यांच्याकडे आलेली ती जुनी विद्या. स्पर्धा नाही, चषक नाही, हवेत उंच लाथा मारणं नाही. सर तिथे दोर विकत घ्यायला गेले आणि अंगणात डोकावले. पुढची दहा-अकरा वर्षं, जहाज कुठलंही असो, ते त्या बाजूला जाणारी नोकरी धरायचे आणि सुट्टी नाहाला काढायचे.

त्या शाळेत पहिली दोन वर्षं एकच गोष्ट शिकवतात. तिचं नाव सान्चिन. पायांची बोटं जरा आत वळवून उभं राहायचं, गुडघे किंचित दुमडायचे, कोपरं फासळ्यांजवळ. मग तीन पावलं पुढे, वळून तीन मागे. प्रत्येक पावलाला एक ठोसा, तोही बादली ओढल्यासारखा संथ, आणि सगळ्याबरोबर पोटातून चाललेला लांब श्वास. बघणाऱ्याला वाटतं, ह्यात काय आहे? करणाऱ्याच्या पायाखाली चार मिनिटांत घामाचं थारोळं होतं.

बाकीची साधनंही तशीच, आजच्या जिममधल्या माणसाला हसू येईल अशी. ओकिनावात जाड काठाचे मातीचे घडे बोटांच्या टोकांनी उचलून चालतात. सरांनी त्यासाठी लोणच्याच्या चिनी मातीच्या बरण्या आणल्या होत्या. दर महिन्याला बरणीत वाटीभर वाळू वाढायची. ठोसे मारायला जमिनीत पुरलेली फळी, तिला सुंभ गुंडाळलेलं. डालड्याच्या डब्यात सिमेंट ओतून मध्ये दांडा रोवलेला, तो मनगटावर फिरवायचा. लाथाबुक्क्या शिकायला आलेली पोरं महिन्याभरात पळून जायची.

आणि मग हात लावणं. त्याला जपानीत शिमे म्हणतात, पण आम्ही ‘हात लावणं’च म्हणायचो. एकजण सान्चिन करत असताना दुसऱ्यानं त्याच्या खांद्यांवर, पाठीवर, मांड्यांवर तळहात आपटायचे, कमरेला दाबायचं, पट्टा धरून मागे ओढायचं. बाहेरच्या माणसाला ती मारहाण वाटते. सर मुलींना स्वतः हात लावायचे नाहीत, फक्त एका चपट्या पट्टीनं खांदा ठोकायचे. म्हणून गेली दोन वर्षं नव्या मुलींना हात लावायचं काम त्यांनी माझ्या गळ्यात घातलं होतं. माझं स्वतःचं शिक्षण त्यामुळे मागे पडतंय, असं मला वाटायचं. बाई आहे म्हणून मला मदतनीस करून टाकलंय, असंही वाटायचं. तोंडावर कधी बोलले नाही.

तर त्या रविवारी सकाळी सर वखारीच्या मधोमध उभे राहिले. वय एकसष्ट, छाती अजून पिंपासारखी. बाकीच्या मुलांना त्यांनी बाहेर बरण्या धुवायला पाठवलं होतं. आत आम्ही तिघंच.

“जोरात लाव,” ते म्हणाले. “लाजू नको.”

त्यांनी पहिलं पाऊल टाकलं. मी मागून दोन्ही खांद्यांवर एकदम तळहात आपटले. उजवा खांदा भरलेल्या वाळूच्या पोत्यासारखा. डावाही तसाच, पण किंचित खाली गेला आणि मग परत आला. मी पुन्हा आपटले, पुन्हा तसंच. फासळ्या दाबल्या. खाली बसून मांड्यांवर हात मारला. उजवी मांडी हात लागायच्या आधीच तयार होती. डावी मांडी हात लागल्यावर तयार झाली. एवढाच फरक. घड्याळात मोजता येणार नाही इतका. पण दोन वर्षं मी चाळीसेक पोरींच्या मांड्यांवर हात आपटले होते, आणि माझ्या तळव्याला तो कळला.

सान्चिन संपलं. सर माझ्याकडे वळले. कपाळावर घाम होता.

“काय?”

“ठीक आहे, सर.”

“सगळीकडे?”

अनंत भिंतीला टेकून माझ्याकडे बघत होता. सरांच्या डोळ्यांत काहीतरी होतं, ते मला नीट वाचता आलं नाही. मला वाटलं, रागावतील. मला वाटलं, काल इंजिनाचं काम केलं असेल, दमले असतील. मला वाटलं, मी कोण सांगणार?

“सगळीकडे, सर.”

ते म्हणाले, “बरं,” आणि सदरा घालायला गेले. बटणं लावायला त्यांना बराच वेळ लागला.

*

योनामिने सेन्सेई, म्हणजे योनामिने गुरुजी, तेव्हा चौऱ्याहत्तर वर्षांचे होते. मुंबईतल्या कुठल्याशा संस्थेनं त्यांना बोलावलं होतं. सरांनी पत्र लिहिलं आणि उत्तर आलं की, दोन दिवस रत्नागिरीला येतो. पंधरा वर्षांत दोघांची भेट नव्हती.

सेन्सेईंच्या नाहातल्या अंगणाच्या भिंतीवर लाकडी पाट्यांची एक रांग होती. ज्याला शिकवायची परवानगी मिळाली, त्याचं नाव तिथे टांगायचं. सरांच्या नावाची पाटी १९८१ मध्येच तयार झाली होती, पण सेन्सेईंनी ती लावली नाही. ‘तुझ्या जागेत, तुझ्या शिष्यांसमोर तुझं सान्चिन बघेन, मग लावेन,’ असं म्हणाले. आता येताना ते पाटी बरोबर आणणार होते. आणि त्याच दिवशी माझीही परीक्षा होती. पास झाले असते, तर काळा पट्टा बांधणारी मी आमच्या वर्गातली पहिली मुलगी झाले असते.

तो आठवडा सगळा साफसफाईत गेला. भिंतींना चुना लागला. फळीला नवीन सुंभ आलं. बुधवारी सर पुढून चालले होते आणि मी मागून बरण्या घेऊन येत होते. वखारीच्या पायऱ्यांवर त्यांच्या डाव्या पायातली चप्पल निघाली. ते तसेच चार पायऱ्या उतरून वाळूत गेले.

“सर, चप्पल.”

त्यांनी खाली पाहिलं. आपलाच अनवाणी पाय त्यांनी जरा जास्त वेळ बघितला. “ढिली झालीय,” म्हणाले.

चप्पल ढिली नव्हती. मी ती उचलून दिली तेव्हा अंगठा चांगला घट्ट होता.

दुसऱ्या दिवशी मी वर्कशॉपात जाऊन अनंतला गाठलं. तो गाडीखाली होता, फक्त पाय दिसत होते.

“अनंतदादा, सरांची डावी बाजू कमी पडतेय. तुला कधी जाणवलं?”

तो बाहेर आला, हात पुसत राहिला. “साठी उलटलीय त्यांची. आता काय विशीतल्यासारखे असणार?”

“डावीच का पण?”

“हे बघ हेमा, त्यांनी पंधरा वर्षं ह्या दिवसाची वाट बघितलीय. पाहुणे येऊन जाऊ देत. नंतर बघू डॉक्टर-बिक्टर. तू काही बोलून बसू नको.” मग जरा थांबून म्हणाला, “आणि तूच तर रविवारी सांगितलंस ना, सगळं ठीक आहे म्हणून?”

तो परत गाडीखाली सरकला.

शनिवारी मी सरांच्या घरी गेले, सांगायचं असं ठरवूनच. चाची, म्हणजे सरांच्या बायको खैरून्निसाचाची, माडाच्या सावलीत तांदूळ निवडत बसल्या होत्या. आत सर कपाळाला ओला पंचा बांधून बसले होते.

“डोकं दुखतंय चार दिवस,” चाची म्हणाल्या. “झोप नाही. ह्यांना आता लहान पोरासारखं झालंय, पाहुणे येणार, पाहुणे येणार.”

सरांनी मला बघून हाक मारली. “ये गो. बस. तुला सांगतो, पहिल्या वेळी चार महिने नुसता उभा केला होता मला त्यांनी. ठोसा नाही, पाऊल नाही. मी म्हटलं, जहाज सुटेल हो माझं! तर म्हणाले, सुटू दे, तुला अजून उभं राहता येत नाही.” ते खूप हसले. “एकदा मी चिडून विचारलं, तुम्ही हे हात आपटता ते किती सहन होतंय ते बघायला का? ते म्हणाले, तुला तसं वाटतं, तोपर्यंत तू दुसऱ्याला हात लावायचा नाहीस.”

“मग कशाला आपटायचे, सर?”

“ते तुला दोन वर्षांत कळलं नसेल, तर मी सांगून कळणार नाही.”

ते इतक्या आनंदात होते. मी कोकमाचं सरबत प्यायले आणि काही न बोलता घरी आले.

*

मंगळवारी सकाळी दहा वाजता मुंबईची भाड्याची गाडी वखारीसमोर थांबली. त्यातून लहानखुरे, काटक असे गृहस्थ उतरले. खाकी पँट, अर्ध्या बाह्यांचा पांढरा शर्ट, डोक्यावर कापडी टोपी. सर पुढे होऊन कमरेत वाकले. सेन्सेईही वाकले. मग सेन्सेईंनी सरांचे दोन्ही दंड धरले आणि तोंडातून एक आवाज काढला, लहान मुलाला खूप दिवसांनी बघून आजोबा काढतात तसा.

आत आल्यावर त्यांना बरण्या दिसल्या. त्यांनी काहीतरी विचारलं. सरांनी उत्तर दिलं, त्यात ‘लोणचं’ हा शब्द ऐकू आला. सेन्सेई मोठ्यांदा हसले आणि एक बरणी बोटांच्या टोकांनी उचलली. ती धरूनच त्यांनी भिंतीवरचा स्वतःचाच जुना फोटो बघितला, फळीचं सुंभ बघितलं, अनंतच्या पंजांचं कौतुक केलं. खाली ठेवली तेव्हा अनंत माझ्या कानात म्हणाला, “ती दहा किलोची होती.”

जपानी येणारे आमच्यात एकटे सरच होते, तेही बंदरावरचं जपानी. त्यामुळे सेन्सेई जे म्हणतील ते सर आम्हाला मराठीत सांगायचे आणि आमचं त्यांना जपानीत.

आधी लहान मुलांनी करून दाखवलं, मग अनंतनं. मग माझी पाळी आली. मी सान्चिनला उभी राहिले आणि सेन्सेई स्वतः उठले. सरांकडे बघून त्यांनी काही विचारलं, सर माझ्याकडे वळले.

“ते विचारतात, हात लावला तर चालेल का?”

मी मान हलवली.

त्यांचा तळहात माझ्या खांद्यावर पडला तेव्हा आवाज मोठा झाला, पण दुखलं नाही. हात पडल्यावर तिथेच क्षणभर थांबायचा. पाठीवर थांबला, कमरेवर थांबला. मला आतून असं वाटलं की हा माणूस मला काहीतरी विचारतोय आणि माझं अंग मला न विचारता खरंखुरं उत्तर देऊन मोकळं होतंय. संपल्यावर त्यांनी सरांना काही सांगितलं.

“खांदे चांगले म्हणतात. श्वासाची घाई आहे. तुझं लक्ष दुसरीकडे होतं म्हणतात.” सरांनी भुवया उंचावल्या. “होतं का?”

मी मान खाली घातली.

मग सरांची वेळ. सेन्सेई चटईवर जाऊन बसले. पिशवीतून त्यांनी सुती कापडात गुंडाळलेलं काहीतरी काढलं आणि मांडीवर ठेवलं. कापड उलगडलं नव्हतं, पण ती पाटी आहे हे आम्हा सगळ्यांना कळलं. त्यांनी एक प्रश्न विचारला. सरांनी माझ्याकडे बोट केलं.

“ये हेमा. त्यांनी मला विचारलं, ‘इथे तुला हात कोण लावतं?’ मी तुझं नाव सांगितलं. ते बसून बघणार.”

सर उभे राहिले. श्वास सुरू झाला. पहिलं पाऊल उजवं, ते चांगलं पडलं. दुसरं डावं. सान्चिनमध्ये पाऊल जमिनीला घासतच अर्धगोल पुढे येतं, पण ते घासणं हलकं असतं. हे पाऊल ओढल्यासारखं आलं. मी खांद्यांवर हात आपटले. डावा खांदा गेला आणि परत आलाच नाही. तिथेच लोंबत राहिला. मी खाली बसून डाव्या मांडीवर हात ठेवला. आपटला नाही, नुसता ठेवला. आत कोणी नव्हतं.

“सर, थांबा.”

सान्चिन मध्येच थांबवत नाहीत. ते तिसरं पाऊल टाकू लागले.

“सर, थांबा ना. डावी बाजू नाहीये.”

“हेमा!” मागून अनंत ओरडला.

सर थांबले. मान न वळवता अगदी हळू आवाजात म्हणाले, “पुढे चालू दे.”

“नाही, सर. त्या रविवारीही नव्हती. मी खोटं सांगितलं.”

बाहेर जेटीवर बर्फ फोडत होते, तो आवाज तेवढा येत होता. सेन्सेईंनी दोन शब्दांत काही विचारलं. मला जपानी येत नाही, पण त्यांनी काय विचारलं हे कोणालाही कळलं असतं. मुलगी काय म्हणाली?

ते सांगू शकणारा माणूस आमच्यात एकच होता.

मी सरांच्या शेजारी गुडघ्यांवर बसलेली होते, त्यामुळे मला त्यांचा चेहरा खालून दिसत होता. डाव्या ओठाचा कोपरा किंचित उतरलेला. इतक्या दिवसांत तो कोणाला दिसला नव्हता. त्यांना काहीही सांगता आलं असतं. पोरीच्या पायात गोळा आला, पोरगी घाबरली, काहीही. आम्हाला कधी कळलंही नसतं. त्यांनी आधी डाव्या मांडीवर हात ठेवला, नंतर डाव्या खांद्यावर, आणि जपानीत तीन-चार वाक्यं बोलले. सावकाश, एकेक शब्द शोधत. शेवटच्या वाक्यात माझं नाव होतं.

सेन्सेईंनी पाटी चटईवर ठेवली आणि उठून आले. त्यांनी सरांच्या मांडीवर हात लावला, दंडावर लावला. मग आपले दोन्ही हात समोर धरून दाखवले, असं कर. सरांनी दोन्ही हात समोर धरले. डावा हात त्यांच्या नकळत खाली खाली जाऊ लागला. सर उजव्या हाताकडे बघत होते, त्यांना डावाही समोरच आहे असं वाटत होतं.

सेन्सेई अनंतकडे वळले आणि एकच शब्द बोलले, जो जगात सगळीकडे चालतो.

“डॉक्टर.”

*

सरकारी दवाखान्यातल्या तरुण डॉक्टरनं सरांचे डोळे बघितले, तळपायावर किल्ली ओढली आणि चाचींना विचारलं, “डोक्याला काही लागलं होतं का? महिन्या-दोन महिन्यांत?”

चाची आधी नाही म्हणाल्या. मग त्यांना आठवलं. जानेवारीत एका ट्रॉलरच्या इंजिनरूममधून वर येताना सरांचं डोकं लोखंडी चौकटीवर आपटलं होतं. टेंगूळ आलं, खोबरेल तेल चोळलं, दोन दिवसांत उतरलं.

“आत रक्त साचत गेलं असणार, हळूहळू. इथे स्कॅन नाही. कोल्हापूरला न्या, आत्ता.”

आम्ही सेन्सेईंच्या त्या भाड्याच्या गाडीनंच आलो होतो. त्यांनी दार उघडून धरलं आणि स्वतः ड्रायव्हरशेजारी बसले. मागे सर, चाची आणि मी. अनंत मुलांना घरी पोचवायला थांबला. साखरपा गेल्यावर सरांना उलटी झाली. आंबा घाटात ते झोपेला आले आणि हाक मारली तरी नीट बोलेनात. सेन्सेई सबंध घाटभर मागे वळून सरांचा उजवा हात धरून बसले होते आणि त्यांच्याशी सतत काहीतरी बोलत होते, कधी दटावल्यासारखं, कधी गोष्ट सांगितल्यासारखं. मलकापूरपाशी सरांनी एकदा उत्तर दिलं. तेव्हा म्हातारबुवा समोर तोंड करून बसले आणि टोपीनं डोळे पुसले.

दुपारी तीनला आम्ही कोल्हापुरात पोचलो. पाचला सरांना आत नेलं. कवटीला दोन भोकं पाडून साचलेलं रक्त काढतात, अशी ती शस्त्रक्रिया. डॉक्टर बाहेर आले तेव्हा चाचींनी नुसतं त्यांच्या तोंडाकडे बघितलं.

“वेळेवर आलात,” ते म्हणाले. “अजून दोन-तीन दिवस काढले असते, तर मी काही करू शकलो नसतो.”

सेन्सेई दुसऱ्या दिवशी सर शुद्धीवर येईपर्यंत थांबले. दोघं अर्धा तास आत होते. नंतर ते बाहेर आले, माझ्यासमोर वाकले आणि गाडीत बसून मुंबईला गेले.

*

पाचव्या दिवशी शनिवार होता. मी कोल्हापूरची गाडी पकडून सरांना भेटायला गेले. डोक्याला बँडेज, दाढी वाढलेली, पण ओठांचा कोपरा जागेवर आला होता.

“ये,” ते म्हणाले. “पायाला हात लाव. मी दाबतो, तू अडव.”

मी डाव्या तळव्याला हात लावला. त्यांनी जोर केला.

“किती आहे?”

“निम्मा, सर. उजव्याच्या निम्मा.”

“बरं,” ते म्हणाले आणि उशीवर टेकले. “पाटी त्यांनी परत नेली.”

“का?”

“का म्हणजे? सान्चिन पुरं कुठे झालं? बरोबर केलं त्यांनी.” मग म्हणाले, “तुझा पट्टा ठेवून गेलेत. ह्या पोरीला द्या म्हणाले. त्या उशाखालच्या पिशवीत आहे.”

मी पिशवीकडे बघितलं.

“मी नाही देणार तो. ह्या वर्षी तरी नाही.”

मला वाटलं, औषधांमुळे बोलतायत. “सर?”

“अनंताला बाजूला करून मी तुला का बोलावलं त्या रविवारी? सांग.”

“माहीत नाही.”

“हातातला पाना पडत होता माझ्या. चपला सुटत होत्या. मला कळत होतं गो. पण विचारायचं कोणाला? अनंता मला कधी ‘नाही’ म्हणायचा नाही, जीव लावतो पोरगा. वर्गात नीट कळणारा हात एक तुझाच. मी म्हटलं, ही सांगेल.” त्यांनी माझ्याकडे बघितलं. रागावलेले नव्हते, तेच जास्त कठीण होतं. “दोनदा विचारलं तुला.”

“तुम्ही सर आहात. मी कसं सांगणार होते?”

“हात लावताना मी सर नाही. तिथे एक अंग आहे आणि एक हात आहे, बस्स.”

“पण मंगळवारी सांगितलं ना मी! सगळ्यांसमोर सांगितलं.”

“हो. म्हणून मी आहे इथे.” त्यांनी डोळे मिटले. “पट्टा पुढच्या वर्षी बघू.”

मी उठून बाहेर आले. कान तापले होते. मनात म्हटलं, ह्या माणसाचा जीव वाचवला मी, आणि हा मला नापास करतो. जिन्यापर्यंत पोचले तर मागून चाची आल्या, हातात डबा घेऊन.

“जेवून जा. सकाळी निघाली असशील.”

आम्ही बाकावर बसलो. त्यांनी झाकणात भाकरी आणि कालवण वाढलं. मला रडू आलं. चाचींना वाटलं, मी सरांच्या काळजीनं रडतेय.

“आता काय रडतेस? आता बरे झाले ना!” त्या माझ्या पाठीवरून हात फिरवू लागल्या. “मी तर घाबरलेलेच होते तेव्हा. हातातून वस्तू पडायला लागल्या म्हणून हट्ट धरून डॉक्टरांची वेळ घेतली होती मी, त्या सोमवारची. ह्यांनी कबूलही केलं होतं. पण रविवारी वर्गावरून घरी आले ते हसतच. म्हणाले, खैरू, आता नको तो डॉक्टर. हेमानं हात लावून बघितलं, सगळं ठीक आहे.”

त्यांच्या आवाजात तक्रार नव्हती. त्यांना वाटत होतं, त्या मला सरांचा माझ्यावर किती विश्वास आहे ते सांगतायत.

“त्या दिवशी जेवले बघ पोटभर. किती दिवसांनी.”

मी झाकणातली भाकरी संपवली. डबा धुऊन चाचींच्या हातात दिला. मग परत आत गेले आणि सरांच्या कॉटजवळच्या स्टुलावर बसले. त्यांनी डोळे उघडून बघितलं. चारची गाडी होती, तोपर्यंत तिथेच बसून होते.

सर त्यानंतर अकरा वर्षं जगले. डावा पाय थंडीत जरा ओढायचा, पण वर्ग त्यांनी शेवटच्या वर्षापर्यंत घेतला. योनामिने सेन्सेई पुन्हा आले नाहीत. पाटी नाहाच्या भिंतीवर कधी लागली की नाही, ते पत्रांतून कधी आलं नाही आणि सरांनी विचारलं नाही. मला पट्टा त्यांनी ‘पुढच्या वर्षी’ म्हणून दोन वर्षांनी दिला. एक वर्ष जास्त का लावलं, हे मी त्यांना विचारलं नाही; डॉक्टरांचा तो चुकलेला सोमवार मला ठाऊक होता.